चेरीला पाणी किती? दोन वर्षं, दोन झाडं

दारातल्या चेरी ब्लॉसमला पाणी किती घालायचं, या प्रश्नाचं उत्तर मिळायला मला दोन वर्षं लागली आणि त्यात एक झाड जिवानिशी गेलं. मी शेतकऱ्याची मुलगी. जालना जिल्ह्यात आमची मोसंबीची बाग होती. त्यामुळे 'झाडाला पाणी घालायला काय अक्कल लागते' असं मला वाटत होतं. हे सगळं क्रमाने लिहून ठेवते, म्हणजे पुढच्याला निदान माझ्याच चुका परत करायला नकोत.

आम्ही न्यू जर्सीत, सॉमरसेट काउंटीत राहतो. एप्रिल 2023 मध्ये लेकीला घेऊन न्यूअर्कच्या ब्रँच ब्रूक पार्कात गेलो. लोक चेरी बघायला वॉशिंग्टनला धावतात, पण झाडं इथे जास्त आहेत, पाच हजारांच्या वर. 1927 मध्ये कॅरोलिन बॅमबर्गर फुल्ड नावाच्या बाईंनी दोन हजार झाडं भेट दिली, तिथून ही सुरुवात. फिकट गुलाबी फुलांखाली उभी राहून लेक म्हणाली, "आपल्याकडे एक लावू या ना." झालं.

13 मे 2023, शनिवार. एका मोठ्या दुकानाच्या बागकाम विभागातून सात गॅलनच्या (एक गॅलन म्हणजे साधारण पावणेचार लिटर) कुंडीतलं योशिनो जातीचं रोप नव्वद डॉलरला आणलं. वर्षाची हमी होती. पावती सांभाळून ठेवा असं काउंटरवरच्या मुलाने दोनदा सांगितलं. ते मी ऐकलं, आणि त्या दिवशी केलेली योग्य गोष्ट तेवढीच.

बाकी सगळं चुकलं. अंगणाच्या सखल कोपऱ्यात कुंडीएवढाच अरुंद आणि खोल खड्डा खणला. खाली तयार मातीची पिशवी ओतली, रोप तसंच उचलून आत बसवलं आणि बुंध्याभोवती लाकडाच्या भुश्शाचा ढीग रचला. शेजारीपाजारी सगळ्यांच्या झाडांना असे ढीग असतात, मला वाटलं तशीच पद्धत असेल. मग वीस गॅलनची पाण्याची पिशवी आणली. ही खोडाभोवती चेन लावून गुंडाळायची असते, खालच्या बारीक भोकांतून पाणी पाच ते नऊ तास झिरपत राहतं. पंचवीस डॉलर. वस्तू चांगली आहे, पण मी ती दिवसाआड भरत होते. शिवाय रोज सकाळी पाइपने पाणी, आणि आठवड्यातून तीनदा हिरवळीचे स्प्रिंकलर होतेच.

जूनच्या शेवटी पानं पिवळी पडू लागली. जुलैत ती मलूल होऊन लोंबायला लागली, म्हणून मी आणखी पाणी वाढवलं. व्हिडिओ कॉलवर अण्णांना, म्हणजे वडिलांना, झाड दाखवलं.

"पाणी कधी देतीस?"

"रोज."

"रोज? आणि वाफसा कधी येतो मग?"

हा शब्द मी दहा-बारा वर्षांत ऐकला नव्हता. लहानपणी रोज कानावर पडायचा. वाफसा आला की पेरायचं, वाफसा नसेल तर औत घालायचं नाही. जमिनीत ओल आहे, पण मधल्या पोकळ्यांत हवाही आहे, हाताला गार लागतं पण चिखल नाही, ती अवस्था म्हणजे वाफसा. मुळांना पाण्याइतकीच हवा लागते. पोकळ्या पाण्याने गच्च भरल्या की मुळं गुदमरतात आणि सडतात, मग पाण्यात उभं असलेलं झाडही पाणी ओढू शकत नाही. त्याची पानं तहानेल्या झाडासारखीच लोंबतात. आणि आपण पाइप घेऊन धावतो. चेरी तर याबाबतीत फारच नाजूक, तिला पाय ओले ठेवलेले अजिबात खपत नाहीत.

हे सगळं मला कळेपर्यंत ऑगस्ट संपत आला होता. नखाने साल खरवडून बघितली, खाली हिरवं कुठेच नव्हतं. सगळं तपकिरी. झाड उपटायला गेले तर जोरही लागला नाही, दोन हातांनी ओढलं आणि सुळकन वर आलं. मागोमाग वास आला, आंबलेल्या गवताचा. मुळं काळी पडली होती, चिमटीत धरली की साल मोज्यासारखी निघून हातात यायची आणि आत दोऱ्यासारखा तंतू उरायचा. खड्ड्याच्या तळाशी वीतभर पाणी. चार दिवस पाऊस नव्हता आणि मीही पाणी घातलं नव्हतं. भोवतीची लाल चिकणमाती माठासारखी आणि आत मी ओतलेली भुसभुशीत माती. माठात झाड लावलं होतं मी.

मेलेलं झाड गाडीच्या मागच्या सीटवर आडवं टाकून, पावतीसह दुकानात नेलं. चाळीस मिनिटं रांगेत झाड हातात धरून उभी होते. नव्वद डॉलरचं स्टोअर क्रेडिट मिळालं. ज्या झाडाला आपणच मारलं त्याचे पैसे परत घेताना चोरट्यासारखं वाटलं, पण घेतले.

दुसऱ्या वेळी आधी माती तपासायची असं ठरवलं. रटगर्स विद्यापीठाची माती परीक्षण प्रयोगशाळा आहे. अर्ज भरायचा, अंगणातल्या सात-आठ जागांची सहा-सात इंच खोलवरची माती एकत्र कालवून त्यातली दोन वाट्या पाठवायची. टपालासकट तीसच्या आत भागलं आणि साधारण दोन आठवड्यांनी अहवाल आला. माती आम्लधर्मी निघाली, थोडा चुना घाला म्हणून सांगितलं होतं. आमच्या भागात खाली लाल शेल खडक आहे, त्याचीच ही माती. दिसायला कोकणासारखी, पण कोकणातल्या जांभ्यासारखं पाणी सोडेल असं समजू नका. ही पाणी धरून बसते.

त्याहून उपयोगी पडली ती फुकटची चाचणी. नोव्हेंबर 2023 मध्ये एका रविवारी दोन ठिकाणी फूटभर खोल खड्डे घेतले. पाण्याने भरले, जिरू दिले, पुन्हा भरले आणि मग दर तासाला पट्टी घालून पाणी किती उतरलं ते मोजलं. तासाला एक ते तीन इंच उतरलं तर निचरा ठीक. जुन्या कोपऱ्यात चार तासांत दोन इंचसुद्धा उतरलं नाही. चढावरच्या जागेत तासाला एक इंचाच्या किंचित वर. म्हणजे जेमतेम पास. जागा ठरली.

आता परवानगी. गेल्या वेळी हा भाग मी सरळ गाळला होता, कुणी काही बोललं नाही हे नशीब. आमच्या वसाहतीत एचओए आहे, म्हणजे आपल्याकडच्या सोसायटीची कमिटीच, फक्त इथे ती तुमच्या अंगणातल्या झाडाचीही मालकीण असते. 22 जानेवारी 2024 ला अर्ज दिला. झाडाची जात, पूर्ण वाढल्यावरची उंची आणि पसारा, घराच्या पायापासूनचं अंतर, दोन्ही बाजूच्या शेजाऱ्यांच्या सह्या, सगळं लिहिलं. योशिनो तीस-चाळीस फुटांपर्यंत जातो आणि तेवढाच पसरतो, म्हणून घरापासून वीस फूट सोडले. 9 फेब्रुवारीला अर्ज परत आला, प्लॉटच्या सर्व्हेची प्रत जोडली नव्हती म्हणून. ती घर घेतानाच्या कागदांत असते. तुम्हीही आधीच शोधून ठेवा, आमचा अर्धा शनिवार त्यात गेला. पुन्हा अर्ज, पुन्हा बैठकीची वाट. 12 मार्चला मंजुरी आली.

खणायच्या आधी 811 या नंबरावर कळवणं इथे बंधनकारक आहे, म्हणजे जमिनीखालच्या वायरी आणि पाइप कुठून जातात त्याच्या खुणा करून देतात. फुकट असतं. न्यू जर्सीत कामाच्या किमान तीन कामकाजाचे दिवस आधी कळवावं लागतं. मी 1 एप्रिलला कळवलं. दोन-तीन दिवसांत वेगवेगळ्या कंपन्यांची माणसं येऊन गवतावर रंगाच्या रेघा मारून, झेंडे रोवून गेली. लाल म्हणजे वीज, पिवळा गॅस, निळा पाणी, केशरी फोन आणि केबल, हिरवा सांडपाणी. आणि पिवळी रेघ माझ्या ठरलेल्या जागेपासून जेमतेम दोन फुटांवरून गेली होती! गेल्या वर्षी मी न विचारता खणलं होतं, हे आठवून पोटात गोळा आला. जागा पाच फूट सरकवायला हवी होती, म्हणून एचओएला ईमेल केला. एवढ्याला नवा अर्ज नको, असं त्याच दिवशी उत्तर आलं.

शुक्रवारी, 5 एप्रिलला सकाळी साडेदहाच्या सुमारास कॉफीचा कप घेऊन मी झेंड्यांपाशी उभी होते आणि पायाखालची जमीन थरथरली. घर खडखडलं. माझ्या मनात पहिल्यांदा आलं ते गॅस. तो 4.8 चा भूकंप निघाला, केंद्र इथून जवळच, हंटरडन काउंटीत. शेजारीण दारात येऊन म्हणाली, "तू खणायला सुरुवात केलीस का?"

दुसऱ्या दिवशी झाड लावलं. या वेळी नर्सरीतून पंधरा गॅलनच्या कुंडीतला योशिनो आणला, खोड दीड इंच जाडीचं, 235 डॉलर. घरपोच करायला आणखी नव्वद मागत होते, म्हणून मैत्रिणीचा पिकअप मागून आणला. कुंडी काढली तर मुळं आतल्या आत गोल गोल फिरलेली, दोरखंडाच्या वेटोळ्यासारखी. ती तशीच ठेवली तर पुढे खोडालाच फास बसतो, म्हणून बाजूने सुरीने उभ्या चिरा द्यायच्या असतात. 235 डॉलरच्या झाडाला सुरी लावायची माझी हिंमत होईना. शेवटी नवऱ्याने चार चिरा दिल्या, मी दुसरीकडे बघत होते.

खड्डा या वेळी मुळांच्या गड्ड्याच्या अडीचपट रुंद, पण खोली गड्ड्यापेक्षा कमी. खोड जिथे खाली रुंद होऊन मुळांत शिरतं तो भाग जमिनीच्या दोन-तीन इंच वर राहिला पाहिजे. तयार माती टाकली नाही, खड्ड्यातून निघालेली तीच परत भरली. झाडाची आणि भोवतालच्या जमिनीची ओल एकाच चालीने चालावी म्हणून. वर तीन इंच भुसा, पण बुंध्यापासून चार बोटं दूर.

आळं कसं करायचं हे अण्णांनी सांगितलं. मोसंबीला ते दुहेरी आळं करायचे. बुंध्याला लागून आतलं आळं कोरडं, त्याच्या बाहेर वरंबा आणि पाणी त्या वरंब्याबाहेरच्या गोलात. बुंधा ओला राहिला की मोसंबीला डिंक्या होतो, खोडातून डिंक गळायला लागतो. चेरीही डिंक गाळते, जीव घाबरा झाला की. मग मीही तसंच केलं. शेजारचे आजोबा कुंपणावरून बघत होते, त्यांना तो किल्ल्याचा खंदक वाटला.

आता पाणी. खोडाच्या दर इंच जाडीला एका वेळी एक ते दीड गॅलन, हा हिशोब मी धरला. म्हणजे दीड इंचाच्या माझ्या झाडाला दोन गॅलन, साडेसात लिटर. हा आकडा वाचून मी चाट पडले, कारण गेल्या वर्षी मी यापेक्षा लहान रोपाला एकाच वेळी वीस गॅलन देत होते. पहिले दोन आठवडे रोज, मग तीन महिने होईपर्यंत दर दोन-तीन दिवसांनी, पुढे आठवड्यातून एकदा पण सावकाश आणि खोलवर, असा साधारण क्रम. तो कागदावरचा. चिकणमातीत मी त्याच्या आधी बोट घालायची. भुसा बाजूला करून, गड्ड्यात आणि बाहेरच्या मातीत, दोन्हीकडे. दुसऱ्या पेरापर्यंत गार आणि ओलं लागलं की पाणी नाही. मातीची गोळी वळली आणि दाबल्यावर फुटली तर वाफसा आहे, तरी पाणी नाही. गोळी वळलीच नाही तर पाणी. एप्रिल-मेत पाऊस एवढा झाला की 'रोज' असं कागदावर असलेल्या चौदा दिवसांत मी पाच वेळा पाणी दिलं.

पाइप बंद केला. पाच गॅलनच्या दोन बादल्यांच्या बुडाला दीड मिलिमीटरची दोन-दोन भोकं पाडली, प्रत्येकीत मार्करने एक गॅलनची रेघ मारली आणि बाहेरच्या आळ्यात समोरासमोर ठेवल्या. थेंब थेंब, अगदी अभिषेकपात्रासारखं. पूर्ण बादली रिकामी व्हायला दीड-दोन तास लागतात, त्यामुळे पाणी वाहून जात नाही. दर वेळी बादल्यांची जागा थोडी फिरवायची. पाऊस मोजायला ट्युनाचा रिकामा डबा अंगणात ठेवला. आठवड्यात इंचभर साठला की त्या आठवड्याची सुट्टी. आणि हिरवळीच्या स्प्रिंकलरचं त्या बाजूचं तोंड फिरवलं, हे विसरू नका. रोज खोडावर फवारा बसला तर आळ्याचा उपयोग काय?

जूनमध्ये उष्णतेची लाट आली. दुपारी पानं लोंबली की हात शिवशिवायचे. अण्णांचं सांगणं होतं, दुपारी बघूच नको, पहाटे बघ. पहाटे पानं ताठ असली तर झाड उन्हाने दमलं होतं एवढंच. पहाटेही मान खाली असेल तरच बोट घालून खात्री कर. बहुतेक वेळा पहाटे ती ताठच असायची. जुलैत जपानी भुंगेरे आले. सकाळी ते सुस्त असतात, साबणाच्या पाण्यात झटकून टाकले. लेकीला हे काम भयंकर आवडलं.

मला वाटलं, सप्टेंबर आला, सुटलो. पण त्या वर्षी सप्टेंबरपासूनच पाऊस कमी झाला आणि ऑक्टोबर 2024 हा न्यू जर्सीच्या नोंदीतला सर्वांत कोरडा महिना ठरला. आमचा ट्युनाचा डबा महिनाभर कोरडा ठणठणीत. पानं लवकर गळून गेली होती. नवरा म्हणाला, आता काठीला कसलं पाणी घालतेस? पण पानं गेली तरी जमीन गोठेपर्यंत मुळं काम करत असतात आणि कोरड्या मुळांनी हिवाळ्यात गेलेलं नवं झाड वसंतात उठत नाही. दर रविवारी दोन्ही बादल्या भरून.

13 नोव्हेंबरला राज्याने दुष्काळाचा इशारा जाहीर केला. सक्ती नव्हती, पाणी जपून वापरा असं आवाहन होतं. एचओएचीही ईमेल आली, हिरवळीला पाणी देऊ नका. मी काउंटीच्या मास्टर गार्डनर (बागकामाचं प्रशिक्षण घेतलेले स्वयंसेवक) हेल्पलाइनला फोन केला. ही सेवा फुकट असते आणि तिथले लोक भलतेच चिकाटीचे असतात. त्यांनी सांगितलं, हिरवळ सुकली तरी परत येते, पहिल्या वर्षाचं झाड येत नाही, तेव्हा जे पाणी असेल ते त्याला. मग शॉवरचं पाणी गरम होईपर्यंत वाया जाणारं बादलीत धरलं. तांदूळ-डाळी धुतलेलं पाणी. बेसमेंटमधल्या डीह्युमिडिफायरचं, म्हणजे हवेतली ओल ओढून घेणाऱ्या यंत्राचं, पाणी उन्हाळाभर झाडाला जात होतं, पण हवाच इतकी कोरडी की तोही रिकामा.

त्या दिवसांत अण्णांशी बोलायला मला अवघड वाटायचं. 2012-13 च्या दुष्काळात जालन्यातल्या कितीतरी मोसंबीच्या बागा वाळल्या, त्यात आमचीही. टँकर विकत घेऊन त्यांनी दोन महिने ती धरून ठेवली होती. चौदा वर्षांची झाडं होती ती. मे महिन्यात टँकरचे पैसे संपले आणि जूनमध्ये कुऱ्हाड लावली. मी तेव्हा पुण्यात नोकरीला होते, मला तोडून झाल्यावर सांगितलं. आणि आता मी इथे, ज्याला खाण्याजोगं फळ धरत नाही अशा एका झाडासाठी शॉवरचं पाणी गोळा करत होते. त्यांनी पहिल्यांदा विचारलंच होतं, "फळ किती येतं?" मी खाण्याजोगं येत नाही म्हणाले, तर थोडं थांबून म्हणाले, "मग सावली तरी चांगली असंल." दुष्काळाचं सांगितलं तेव्हा मात्र एवढंच बोलले, "एकच झाड हाय ना? एक जगवता येतं."

20 नोव्हेंबरच्या रात्री पाऊस आला. मी झोपेतून उठून खिडकी उघडली. सकाळी डबा बघायला लेक माझ्या आधी बाहेर.

हिवाळ्याआधी खोडाभोवती तारेची जाळी लावली, तीस डॉलर. शरदात हरणाचे नर खोडावर शिंगं घासतात, एका रात्रीत साल सोलली जाते. अंगणात हरणं येत असतील तर हे पाण्याइतकंच महत्त्वाचं.

खर्चाचं विचाराल तर झाड, माती तपासणी, जाळी, भुसा, बादल्या मिळून साडेतीनशेच्या आतबाहेर, पहिल्या झाडाचे क्रेडिट वजा न करता. पाण्याच्या बिलात तिमाहीला आठ-दहा डॉलरचा फरक पडला. पहिल्या वर्षी जास्त आला होता, झाड मारायला. पहिलं वर्ष खत अजिबात घातलं नाही. दुसऱ्या उन्हाळ्यात दहा दिवसांतून एकदा पाणी द्यायचं आहे आणि आळं हातभर बाहेर सरकवायचं आहे, कारण मुळं आता तिथवर गेली असणार.

एप्रिल 2025 च्या दुसऱ्या आठवड्यात फुलं आली. लेकीने मोजली, तिच्या हिशोबाने त्र्याहत्तर. ब्रँच ब्रूकच्या ढगांपुढे हे म्हणजे चिमूटभर. अण्णांना फोन लावला, तिकडे रात्र झाली होती. कॅमेरा फांद्यांवरून फिरवत होते तेवढ्यात ते म्हणाले, "फुलं राहू दे. बुंधा दाखव."

खाली वाकून भुसा बाजूला केला, बुंधा दाखवला. डिंक नव्हता. मग बोट घालायला लावलं, गोळी वळायला लावली. ती मी कॅमेऱ्यासमोर धरली आणि दाबली. फुटली.

"पाणी कधी दिलं होतं?"

"दिलंच नाही अजून या वर्षी."

"मग नको देऊ," म्हणाले आणि आईच्या हातात फोन दिला.